निपाणीचा माहितीपट निपाणीत दाखवायचा म्हणजे

9 फेब्रुवारी 2025 च्या रविवारी संध्याकाळी बेळगाव जिल्ह्यातल्या निपाणीत, एका गल्लीच्या समाज मंदिरात आम्ही 25 मिनिटांचा एक माहितीपट दाखवला. 1982 सालचा, निपाणीतच चित्रित झालेला आणि निपाणीच्याच तंबाखू कामगार बायकांचा. एवढ्याशा कार्यक्रमासाठी मागचा पावसाळा आणि अख्खा हिवाळा गेला. परवानगी कुणाची, अर्ज कुठे, खर्च किती, हे सांगणारं कुणी भेटलं नव्हतं, म्हणून सगळं तारखांसकट लिहून ठेवते आहे. सीमाभागात असं काही करू पाहणाऱ्याची थोडी तरी पायपीट वाचावी.

मी बेळगावात लग्नाचे व्हिडिओ एडिट करते. हळद, वरात, ड्रोन, स्लो मोशन, वर गाणं. पोट त्यावर चालतं, त्यामुळे नावं ठेवणार नाही. पण माहितीपटाचं वेड कॉलेजपासून आहे. जून 2024 मध्ये लग्नसराई संपली आणि हात रिकामे झाले, तेव्हा पुण्याच्या एका मैत्रिणीनं सांगितलं की तुझ्या आजोळवर जुनी फिल्म आहे, पाहिलीस का? माझं आजोळ निपाणी. मी नाव ऐकलं नव्हतं. 'तंबाखू चाकिला ऊब आली'. त्या रात्री लॅपटॉपवर पाहिली आणि लगेच पुन्हा लावली.

ही फिल्म युगांतर या गटाची. 1980 साली दीपा धनराज, आभा भैया, मीरा राव आणि छायालेखक नवरोज कॉन्ट्रॅक्टर यांनी मिळून तो उभा केला. पहिली फिल्म पुण्यातल्या मोलकरणींच्या संघटनेवर, दुसरी ही निपाणीची. त्यानंतर हैदराबादच्या स्त्रियांच्या गटाबरोबर घरातल्या हिंसेवर एक, आणि चिपको आंदोलनातल्या एका कार्यकर्तीवर एक. तीन-चार वर्षांत चार छोट्या फिल्म करून गट थांबला. धनराज मात्र थांबल्या नाहीत. हैदराबादच्या दंगलींवर 1986 साली, सरकारी कुटुंबनियोजनावर 1991 साली, तमिळनाडूतल्या मुस्लिम बायकांनी स्वतः चालवलेल्या जमातीवर, म्हणजे तंटे सोडवणाऱ्या पंचायतीवर, 2011 साली, हैदराबाद विद्यापीठातल्या रोहित वेमुलाच्या आत्महत्येनंतरच्या विद्यार्थी चळवळीवर 2018 साली, अशी त्यांची वाट. यातल्या एकाही विषयाला बाजारात गिऱ्हाईक नाही. थिएटर नाही, पोस्टर नाही, शुक्रवार नाही. चाळीस वर्षं असं काम करायचं म्हणजे पैसे कुठून आणायचे, हाच माझ्या धंदेवाईक डोक्यात आलेला पहिला प्रश्न.

दुसरा प्रश्न कामाच्या पद्धतीचा. निपाणीत हा गट चारेक महिने बायकांबरोबर राहिला. आधी ऐकून घेतलं, काय आणि कसं दाखवायचं हे त्यांच्याशी बोलून ठरवलं, आणि मग कॅमेरा वखारीत नेला. होऊन गेलेला संप बायकांनी कॅमेऱ्यासाठी पुन्हा करून दाखवला. माहितीपटात पुन्हा करून दाखवणं चालतं का, यावर आमच्यासारखी मंडळी चहा गार होईपर्यंत भांडतात. मला विचाराल तर ज्यांचा संप त्यांनीच तो उभा केला, म्हणजे त्यात खोटं काही नाही. आणि या फिल्म बनवल्याच होत्या मुळी कामगार आणि बायकांच्या बैठकांमधून फिरवायला. 16 मिमीची रिळं आणि प्रोजेक्टर घेऊन. अलीकडे बर्लिनच्या आर्सेनल या संस्थेनं त्यांचं डिजिटल जतन केलं, म्हणून माझ्यासारखीला त्या पाहायला मिळाल्या. बर्लिनमध्ये सांभाळलेली फिल्म निपाणीत कुणाला ठाऊक नाही, हे मला चैन पडू देईना.

निपाणीबाहेरच्यांसाठी थोडं सांगते. हे गाव विडीच्या तंबाखूचं. आता शिवारात ऊस जास्त दिसतो, पण जुन्या वखारी अजून उभ्या आहेत. 1981 साली तंबाखू उत्पादकांनी शरद जोशींच्या नेतृत्वाखाली पुणे-बंगळूर महामार्गावर ठाण मांडलं होतं. 6 एप्रिलला गोळीबार झाला, 12 शेतकरी गेले. ते आंदोलन महाराष्ट्रभर माहीत आहे. त्याच सुमारास वखारींत तंबाखू कुटणाऱ्या, चाळणाऱ्या बायका प्रा. सुभाष जोशींच्या पुढाकारानं संघटित होत होत्या. स्त्रीवादी अभ्यासक छाया दातारांनी त्यावर मोठा अभ्यास केला आहे. तरी गावात विचारलं तर शेतकऱ्यांचं आंदोलन आधी सांगतात, बायकांचं विचारल्यावर आठवतं.

माझी आत्या त्या वखारीत होती. लग्नाआधी आणि नंतरही. फिल्मचं तिला काही माहीत नव्हतं. मी मोबाईलवर दोन मिनिटं दाखवली तर चष्मा वर करून म्हणाली, "ह्यो खकाणा बघ कसा उडालाय. कापडं किती बी धू, वास जायाचा न्हाई. पोराला घ्यायच्या आदी मी हात चुलीतल्या राखंनं घासायचो." मग फोन माझ्याकडे सरकवून, "एवढ्याशा डबीत काय दिसतंय? मोठ्ठा करून दाव की. आमास्नी समद्यास्नी."

झालं, काम लागलं.

जुलै. पहिलं पाऊल परवानगीचं. फिल्म ऑनलाइन पाहता येते म्हणजे ती लोकांना जमवून दाखवता येते असं नाही. हक्क गटाकडे असतात, जतन करणाऱ्या संस्थेकडे असतात, कधी दोघांकडे. मी फिल्मसोबत दिलेल्या पत्त्यावर इंग्रजीत मेल लिहिला. एक पान, त्याहून मोठा नाही. कुठे दाखवणार, कुणाला, किती जण, तिकीट नाही, फिल्म कुठेही चढवणार नाही, कार्यक्रम झाला की फाईल पुसून टाकणार, आणि बघायला येणाऱ्यांत त्या काळी वखारीत काम केलेल्या बायका असतील. शेवटचं वाक्य सगळ्यात महत्त्वाचं होतं असं मला वाटतं. उत्तराची वाट पाहण्यात ऑगस्ट उजाडला. आधी पोच आली, मग एक-दोन शंका, मग होकार. तो मेल मी छापून फाईलला लावला, आणि पुढे जिथे जिथे गेले तिथे आधी तो कागद पुढे केला. मोबाईलवर दाखवलेल्या परवानगीला आपल्याकडे वजन नसतं. छापील कागदाला असतं, त्यावर शिक्का असो वा नसो.

दुसरी गोष्ट सेन्सॉरची. 1952 च्या सिनेमॅटोग्राफ कायद्यानुसार सार्वजनिक प्रदर्शनाला प्रमाणपत्र लागतं. माहितीपटालाही. 2004 साली मुंबईच्या आंतरराष्ट्रीय माहितीपट महोत्सवात भारतीय फिल्मना प्रमाणपत्राची अट घातली तेव्हा माहितीपटवाले खवळले होते आणि 'विकल्प' नावाचा समांतर महोत्सवच भरवला होता. तो वाद वाचायला बरा वाटतो, पण गल्लीत कार्यक्रम करताना भांडायला आपल्यामागे कोण असणार? बेळगावच्या एका ओळखीच्या वकिलांना विचारलं. त्यांनी सांगितलं ते असं: जाहिरात करू नका, तिकीट लावू नका, रस्त्यावर पडदा लावू नका, बंद जागेत, नावानिशी निमंत्रित केलेल्यांची बैठक ठेवा, आणि निमंत्रितांची यादी हाताशी असू द्या. मी तसंच केलं. तुमचं प्रकरण वेगळं असू शकतं, म्हणून तुमच्या वकिलांना विचारा. आमच्या वकिलांनी फी घेतली नाही, पण मुलीच्या बारशाचा व्हिडिओ करून घेतला.

मग जागा. पहिला विचार देवचंद कॉलेजचा. सभागृह मोठं, खुर्च्या, पडदा, सगळं तयार. पण ते अर्जुननगरला, म्हणजे निपाणीला चिकटून असलं तरी महाराष्ट्रात, कागल तालुक्यात. निपाणीहून चालत गेलं की राज्य बदलतं. म्हणजे पोलीस ठाणं वेगळं, तालुका वेगळा, जिल्हा वेगळा. एका परीनं सोपं झालं असतं, मराठीत अर्ज दिला की काम झालं. पण आत्या म्हणाली, "कालीजात कोन यील? तितं चपला कुटं काडायच्या त्येबी कळत न्हाई." बरोबर होतं तिचं. ज्यांच्यासाठी करायचं त्यांच्या उंबऱ्याजवळ करायला हवं. शेवटी गल्लीतल्या समाज मंदिराची खोली ठरली. भाडं 1500 रुपये, झाडलोटीचे 500 वेगळे. पावती आधीच मागून घ्या. पुढे पोलिसांकडे जागेचा पुरावा म्हणून तीच लागली.

तारीख ठरवणं हा बेळगाव जिल्ह्यात स्वतंत्र विषय आहे. 1 नोव्हेंबरला एकीकडे कर्नाटक राज्योत्सवाची मिरवणूक, दुसरीकडे सीमाभागातल्या मराठी भाषिकांचा काळा दिन. त्याच्या आगेमागे कुठलाही जमाव म्हटलं की ठाण्यातले चेहरे बदलतात. डिसेंबरात बेळगावच्या सुवर्णविधानसौधमध्ये कर्नाटक विधिमंडळाचं अधिवेशन, त्याला उत्तर म्हणून मराठी भाषिकांचा महामेळावा. त्यात 2024 च्या डिसेंबरात बेळगाव काँग्रेसची शताब्दी आली. 1924 साली गांधीजी जिथे अध्यक्ष झाले त्या अधिवेशनाची. 26 डिसेंबरला कार्यक्रम सुरू झाला, त्याच रात्री मनमोहन सिंग गेले, दुखवटा लागला, दुसऱ्या दिवशीची सभा पुढे ढकलून 21 जानेवारीला झाली. मध्ये 17 जानेवारीचा, सीमालढ्यातल्या हुतात्म्यांचा हुतात्मा दिन. मी ऑक्टोबरात पहिल्यांदा विचारायला गेले तेव्हा एका कार्यालयात मला सांगितलं, आत्ता नको, डिसेंबर जाऊ दे. डिसेंबरअखेर गेले तर, जानेवारी जाऊ दे. राग आला होता. बसस्टँडवर उभ्या उभ्या दोन वडापाव खाल्ले आणि परत बेळगाव. एक मात्र बरं होतं, शक्ती योजनेमुळे कर्नाटकच्या साध्या बसला बायकांना तिकीट नाही. हेलपाट्यांना वेळ लागला, पैसे लागले नाहीत. आधार कार्ड जवळ ठेवा, आणि बस महाराष्ट्राची नाही ना हे बघून चढा. तिथे आपल्याला तिकीट पडतं.

जानेवारीच्या शेवटी पोलीस ठाण्यात अर्ज दिला. अर्ज कन्नडमध्ये लिहा. हे मी कुठल्या बाजूनं बोलते आहे असं समजू नका. अर्ज वाचणाऱ्याला जी भाषा सहज वाचता येते, त्या भाषेत दिला तर काम लवकर होतं, एवढाच हिशेब. मला कन्नड बोलता येतं, लिहायला हात जड. शेजारच्या शिक्षिकेनं लिहून दिलं. सोबत जोडलं ते: जागेची पावती, हक्कदारांचा मेल, माझ्या आधारची प्रत, फिल्मचा दहा ओळींचा सारांश कन्नडमध्ये आणि 100 रुपयांच्या ई-स्टँपवर प्रतिज्ञापत्र, की कार्यक्रम खासगी आहे, भाषणं नाहीत, घोषणा नाहीत. स्टँप, टायपिंग आणि नोटरी मिळून 350 रुपये गेले. झेरॉक्स आणि छपाईचे 280. प्रतिज्ञापत्र कुणी मागितलं नव्हतं, वकिलांनीच जोडायला लावलं. नसतं तर ते नंतर मागवलं असतं आणि आणखी आठवडा गेला असता.

ठाण्यात बसलेल्यांनी पहिलाच प्रश्न केला, "यावुदु सिनेमा?" म्हणजे कुठला सिनेमा? मी सारांश पुढे सरकवला. त्यांनी तो बोट फिरवत वाचला आणि 'मुष्कर' या शब्दावर बोट थांबलं. संप. "ईग?" म्हणजे आत्ता कुठे संप आहे का? मी म्हटलं, नाही सर, 1980 च्या आसपासचा. मग त्यांनी वर बघितलं आणि मराठीत म्हणाले, "माझी आजी विड्या वळायची, गोकाकला." पुढची दहा मिनिटं आजीवरच गेली. सही लगेच झाली नाही, वरच्या साहेबांची लागते, तीन-चार दिवसांनी या म्हणाले. पण त्या दिवशी मला पहिल्यांदा वाटलं की हे होणार.

ध्वनिक्षेपकाची परवानगी त्याच अर्जात मागा. 2000 सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांनुसार रात्री 10 ते सकाळी 6 बंदी असते, आणि निवासी भागात दिवसा 55 डेसिबलची मर्यादा. आम्ही संध्याकाळी 6.30 ते 9 अशी वेळ लिहिली. बंद खोलीतल्या दोन छोट्या स्पीकरांना कुणी हरकत घेणार नव्हतं, तरी लिहून घेतलेलं बरं.

बॅनर लावला नाही. मुद्दाम. आमच्या जिल्ह्यात फलकावर कुठली लिपी वर आणि कुठली खाली, यावरून दुसऱ्या दिवशी बातमी होते. निमंत्रण घरोघरी तोंडी दिलं. आत्या पुढे, मी वही घेऊन मागे. वहीत नावं लिहून घेतली, तीच निमंत्रितांची यादी. एका दारात उत्तर मिळालं, "आमी रोज ह्येच बघतोय, आनि पिच्चरमदी काय बघायचं?" दुसऱ्या दारात, "कितीला सुटतंय? माझं हजार व्हायचंय." हा खरा अडथळा होता आणि मी त्याचा विचारच सगळ्यात शेवटी केला असता, जर आत्या बरोबर नसती. घरी विड्या वळणाऱ्या बाईला मजुरी हजारावर मिळते. संध्याकाळचे दोन तास पिक्चरला दिले म्हणजे तेवढ्या विड्या कमी. मग आत्यानंच तोडगा काढला: विड्या वळायचं सूप घेऊन या. बसा, वळा, बघा.

सामान बेळगावहून नेलं. प्रोजेक्टर धंद्यातल्या ओळखीनं 2000 रुपयांत, एरवी जास्त सांगतात. 3500 ल्युमेन उजेडाचा घ्या, त्याखालचा नको. स्पीकर 1500, वीज गेली तर म्हणून युपीएस 600. पडद्यावर पैसे घालू नका. जुन्या फ्लेक्सची मागची पांढरी बाजू चादरीपेक्षा कितीतरी चांगली दिसते. मी एका लग्नाच्या स्वागताचा फ्लेक्स नेला होता. उलटा ताणून बांधला की कुणाचं लग्न ते कुणाला कळत नाही. गाडीभाडं, हत्तरगीचा टोल धरून 1800. चहा, शिरा आणि चिवडा 2400. सगळं मिळून अकरा हजारांच्या थोडं आत बसलं. निम्मे माझे, निम्मे दोन मित्रांनी आणि आत्याच्या मुलानं घातले. या पैशात एलईडी वॉल येत नाही आणि तिची गरजही नाही.

फाईल दोन पेनड्राइव्हवर आणि लॅपटॉपवर, अशी तीन ठिकाणी ठेवली होती. आवाज आदल्या दिवशी त्याच खोलीत जाऊन तपासा. रिकाम्या खोलीत जुन्या मोनो आवाजाचा घुमारा येतो आणि बोलणं कळत नाही. स्पीकर पडद्याशी न ठेवता दोन्ही भिंतींना मध्यावर ठेवले, खिडक्यांना पोती लावली, खाली सतरंज्या अंथरल्या. बरंच सुधारलं.

रविवारी साडेसहाला चारच जणी. माझ्या पोटात गोळा. सातला खोली भरली आणि दारात मुलं उभी राहिली. पुढे म्हाताऱ्या, मागे सूप मांडीवर घेतलेल्या बायका. त्यांना उजेड हवा होता आणि मला अंधार. शेवटी मागची एक ट्यूब चालू ठेवली आणि पुढची बंद. चित्र थोडं फिकं पडलं, ते पडू दे म्हटलं. माझ्याजवळच बसलेल्या एका तरुण बाईचे हात मी अधूनमधून पाहत होते. मानेनं पडद्याकडे आणि बोटांनी सुपात. पानाचा तुकडा तळहातावर, चिमूट तंबाखू, एक वळसा, अंगठ्याच्या नखानं टोक आत मुडपलं, दोऱ्याचे दोन फेरे, विडी सुपात. खाली एकदाही पाहिलं नाही. पडद्यावर वखारीतल्या बायका आल्या तेव्हा मात्र बोटं थांबली.

फिल्म मराठीत, सबटायटल इंग्रजी. खोलीत मराठीवाल्या होत्या, कन्नडवाल्या होत्या, मुस्लिम मोहल्ल्यातून आलेल्या दखनी बोलणाऱ्या होत्या. मी कन्नडमध्ये सांगायला त्याच शिक्षिकेला आणलं होतं. पण मध्येच कुणी बोललं की बाकीच्या 'शू' करतात. म्हणून ठरवलं होतं तसं केलं: पहिल्यांदा न थांबवता सलग, मग चहा, मग पुन्हा, यावेळी थांबवत थांबवत. फिल्म 25 मिनिटांची असण्याचा हा मोठा फायदा. तुम्हीही छोटी फिल्म दाखवत असाल तर दोनदाच दाखवा. पहिल्या वेळी सगळ्या गप्प होत्या, मला वाटलं आवडली नाही. दुसऱ्या वेळी मला रिमोट हातात धरवेना इतकं थांबवायला लावलं.

"थांब, थांब. ती भिंत बग. ती आमची वखार." "ती न्हवं गं, ती पलीकडची." यावर दोन आज्यांचं जुंपलं. एक आपा म्हणाल्या, "हमारी अम्मी बी उदरीच कामाकू जाती थी, घरकू आई तो खोकतीच रैती." संपाचा भाग आला तेव्हा आत्या उठून उभी राहिली आणि पडद्यावर सावली पडली तरी बसेना. "आमी बी गेल्तो. मालक म्हनला, उद्यापास्नं येऊ नगा. आमी म्हनलो, बरं, तूच चाळ आता." हशा झाला. मी तिला लहानपणापासून ओळखते, हे तिनं कधी सांगितलं नव्हतं. विचारलंही नव्हतं कुणी.

एक तरुण मुलगी, कॉलेजला जाणारी, थोडी वैतागून म्हणाली की यातलं काय बदललं मग? माझी आई अजून तेच करते, फक्त वखारीऐवजी घरात. यावर कुणाकडे छापील उत्तर नव्हतं. एका आज्जीनं ओळखपत्र, दवाखाना, पोरांची शिष्यवृत्ती असं काही काही मोजून दाखवलं, दुसरीनं त्यातलं काय कधी हातात पडत नाही ते मोजलं. वखारीत एका छपराखाली होतो म्हणून एकमेकींना बोललो, आता घरोघरी बसून कोण कुणाला भेटतंय, असं एक जण म्हणाली आणि बऱ्याच जणींनी मान हलवली. पावणेनऊला स्पीकर बंद केला. लेखी परवानगी नऊपर्यंतची असेल तर दहा मिनिटं आधीच आटपा. लोक बोलत बसतात, ते बिनआवाजी चालतं.

मी त्या संध्याकाळी कॅमेरा नेला नव्हता. मित्रांनी वेड्यात काढलं, असा प्रसंग पुन्हा येणार नाही म्हणाले. पण निमंत्रण देताना शूटिंगचं सांगितलं नव्हतं, आणि आयत्या वेळी कॅमेरा निघाला असता तर आत्या तशी उठून उभी राहिली नसती. आधी महिनोन् महिने नुसतं ऐकत बसायचं, मग कॅमेरा. ही पद्धत चाळीस वर्षांपूर्वीच्या त्या गटानं ह्याच गावात वापरून दाखवली आहे, ती मला पटते. पुढे काही करायचं झालं तर मी त्याच बाजूनं जाईन. घाई माझ्या लग्नाच्या गिऱ्हाइकांना पुरे.

दुसऱ्या दिवशी फाईल पुसली, तसं मेल करून कळवलं, आणि किती जणी आल्या, काय बोलल्या हे दोन पानांत लिहून पाठवलं. ठाण्यात जाऊन कार्यक्रम वेळेत पार पडल्याचं सांगून आले. याची गरज नसते, पण पुढच्या अर्जाच्या वेळी चेहरा ओळखीचा असतो.

पुढचा अर्ज करायचा आहेच. पलीकडच्या गल्लीतून निरोप आला होता, आमच्यात कधी? मार्चच्या पहिल्या आठवड्यात करू म्हटलं होतं. पण 21 फेब्रुवारीला बेळगावजवळ बसमध्ये भाषेवरून मारहाणीचं प्रकरण झालं, दोन्ही राज्यांच्या बसगाड्या काही दिवस बंद राहिल्या. मग 22 मार्चला कर्नाटक बंद, त्याच सुमारास दहावीची परीक्षा. एप्रिल-मे माझी लग्नसराई. आता जूनचा दुसरा रविवार धरला आहे, समाज मंदिराचे 500 रुपये आगाऊ भरून पावती घेतली आहे. परवानगीचा मेल नव्यानं पाठवावा लागेल, कारण पहिला होकार एकाच कार्यक्रमापुरता होता. पावसामुळे खोलीचं छप्पर गळतं का ते मे अखेर जाऊन बघायचं, आणि यावेळी सूप घेऊन येणाऱ्यांसाठी मागे दोन छोटे टेबललॅम्प न्यायचे, म्हणजे ट्यूब बंद ठेवता येईल.